परवान्यावरील बसच्या जागी तिच्याहून जुनी बस लावण्यास प्राधिकरण नकार देऊ शकते का?

होय, राज्याच्या नियमांत तशी तरतूद असेल तर प्रादेशिक परिवहन प्राधिकरण अशी परवानगी नाकारू शकते, आणि केरळच्या अशाच नियमाची वैधता सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये मान्य केली आहे. मोटार वाहन अधिनियम, 1988 च्या कलम 83 नुसार परवानाधारकाला प्राधिकरणाच्या अनुमतीने ‘त्याच स्वरूपाचे’ दुसरे वाहन लावता येते. बसच्या जागी बस एवढीच अट कलमात आहे, मग वयाचा प्रश्न कुठून आला, असा बसमालकांचा युक्तिवाद होता आणि केरळ उच्च न्यायालयाला तो पटलाही होता. परंतु बदली वाहन मूळ वाहनापेक्षा जुने असल्यास अर्ज फेटाळण्याची मुभा देणारा केरळ मोटार वाहन नियमांतील नियम 174 कलम 83 शी विसंगत नाही, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने दिला. माझ्या मते तो योग्यच आहे, कारण अनुमतीची अट निव्वळ शिक्क्यापुरती असू शकत नाही. मात्र हा निर्णय केरळच्या नियमाविषयीचा असल्याने तुमच्या राज्याच्या नियमांत वयाची अट आहे का, हे आधी पाहावे. परवान्याची मुदतही संपत आली असेल, तर नूतनीकरणाचा अर्ज कलम 81 नुसार मुदतीच्या किमान 15 दिवस आधी स्वतंत्रपणे करावा. उशीर झाल्यास सबळ कारण दाखवावे लागते.