आकाशातला रेडिओ ऐकून पोट भरतं का?

नमस्कार दादा,

तासगावहून तुमचं पत्र मिळालं. अकरावी सायन्सची मुलगी पुणे जिल्ह्यातल्या खोडदची रेडिओ दुर्बीण बघून आल्यापासून मेडिकल नको म्हणतेय, रेडिओ अॅस्ट्रॉनॉमीच करायचीय म्हणतेय, आणि तुम्ही विचारलंय की आकाशातला रेडिओ ऐकून पोट भरतं का.

तर तिथं कानाला काही ऐकू येत नाही. आकाशातून येणारा रेडिओ म्हणजे प्रकाशाच्याच जातीच्या लहरी, फक्त डोळ्याला न दिसणाऱ्या, आणि त्यांचा अभ्यास म्हणजे रेडिओ अॅस्ट्रॉनॉमी. तारे तयार होतात तो हायड्रोजन वायू साध्या दुर्बिणीला दिसत नाही पण तो 21 सेंटीमीटरच्या लहरी सोडतो, त्यावरून आकाशगंगेत वायू कुठंय आणि कुठल्या वेगानं फिरतोय ते कळतं. आणि पल्सार, म्हणजे गरागरा फिरणारे मेलेले तारे, 1967 साली पहिल्यांदा सापडले ते जोसलिन बेल नावाच्या पीएचडी करणाऱ्या मुलीला, हे तुमच्या लेकीला माहीत असणारच.

तुम्ही द्राक्षाच्या मांडवाला तारा ताणता ना, तशी खोडदच्या 45 मीटरच्या डिशला स्टीलची बारीक जाळी ताणलीय, वारं आरपार जातं, म्हणून एवढी मोठी डिश हलकी आणि स्वस्तात झाली, पण जाळीची भोकं एक-दोन सेंटीमीटरचीच त्यामुळं 21 सेंटीमीटरच्या लहरीला ती पत्र्यासारखीच. ही दुर्बीण उभी करणारे शास्त्रज्ञ गोविंद स्वरूप यांच्या डोक्यातली ही आयडिया. अशा 30 डिश, 25 किलोमीटरच्या परिसरात, सगळ्या मिळून एकच दुर्बीण.

आता पोटाचं. पक्क्या जागा कमी आहेत, हे लपवत नाही. पण पीएचडीला जेआरएफ, म्हणजे संशोधन करणाऱ्यांची फेलोशिप, मिळाली की महिना 37,000 रुपये स्टायपेंड असतो, आणि हे शिकताना प्रोग्रामिंग, डेटा, इलेक्ट्रॉनिक्स एवढं हाताखालून जातं की पुढं बाहेरही काम मिळतं. तिला मॅथ्स तेवढं सोडू देऊ नका, बायोलॉजी सोबत ठेवली तरी चालेल. बारावीनंतर आयसर या केंद्र सरकारच्या विज्ञान संस्थांसाठी आयएटी ही प्रवेश परीक्षा द्यायची, नाही जमलं तर सांगलीतच बीएस्सी फिजिक्स करून एमएस्सीच्या प्रवेशाची जॅम परीक्षा द्यायची, एमएस्सी, मग खोडदची दुर्बीण चालवणाऱ्या पुण्याच्या एनसीआरए संस्थेत पीएचडी. इलेक्ट्रॉनिक्स इंजिनिअरही तिथं लागतातच, डिशनं पकडलेल्या लहरी टिपणारे रिसीव्हर कोण बनवणार!

28 फेब्रुवारीला विज्ञान दिनाचं खोडदला मोठं प्रदर्शन भरतं. द्राक्षाचा सीझन ऐन भरात असतो तेव्हा, माहितीय मला, तरी बागेचं भावाकडं सोपवून एक दिवस लेकीबरोबर जाऊन या, आणि तिथल्या इंजिनिअरना पगाराचं तुम्ही स्वतः विचारा.