मुरबाड-शहापूरकडे मटणासाठी शेळ्या पाळायच्या असतील तर

सुरुवात मेंढ्यांनी करू नका. दख्खनी मेंढी कोरड्या माळाची. आपल्याकडच्या पावसात तिची लोकर भिजून राहते, खूर सडतात. कोकण कन्याळ शेळी घ्या. ही जात जास्त पावसातच तयार झालेली आहे.

गोठा जमिनीपासून तीन-चार फूट उंच मचाणाचा करा. फळ्यांत दीड सेंटिमीटर फट ठेवा: लेंड्या खाली पडतात, पण खूर अडकत नाही. मोठ्या जनावराला दहा चौरस फूट जागा लागते. आंत्रविषाराची (आतड्यातल्या जंतूंच्या विषाने होणारा रोग) लस मे महिन्यातच उरकून घ्या. पावसाच्या कोवळ्या गवतावर हा रोग उसळतो आणि गलेलठ्ठ करडंच आधी जातात. नवीन माल तीन आठवडे वेगळा बांधा, हे तर अजिबात चुकवू नका.

बोकड नुसता डोळ्यांनी जोखू नका, फुगलेलं पोट फसवतं. शेवटच्या बरगडीमागे कमरेवर हात दाबा. मणक्याची टोकं बोचली तर माल कच्चा. गोल लागली आणि बाजूला मांस भरलेलं असलं तर तयार. मग छातीचं हाडही चाचपा. शेळीची चरबी आधी पोटात, गुर्द्याभोवती साठते, त्यामुळे एकट्या पाठीवर भरवसा ठेवता येत नाही. वजन सकाळी चाऱ्यापाण्याआधीच करा. पंचवीस किलोच्या बोकडाचं मटण साधारण अकरा-बारा किलो पडतं, भाव त्यावरूनच बांधा.

बकरी ईदसाठी मुंबईत देवनारच्या बाजारात न्यायचा असेल, तर दोन पक्के दात आलेला, शिंग-कान धड असलेला बोकड आधीच बाजूला काढा. तिथे सौदा नगावर होतो.