पंधरा वर्षांच्या मुलाला घेऊन अमेरिकेत येताना

ताई, सप्रेम नमस्कार.

तुमचे पत्र दोनदा वाचले. तुमच्या यजमानांना न्यू जर्सीतील नोकरीसाठी एच-वन-बी व्हिसा मिळाला आहे, मुलगा १५ वर्षांचा आहे, त्याला स्वमग्नता आणि मध्यम स्वरूपाचे बौद्धिक अपंगत्व आहे, आणि "तिथे १८ वर्षांनंतर अशा मुलांची सगळी जबाबदारी सरकार घेते, हे खरे का?" असे तुम्ही विचारले आहे. माझी मुलगी आज २३ वर्षांची आहे, तिला डाउन सिंड्रोम आहे, आणि तिचे हायस्कूल व त्यानंतरची वर्षे याच राज्यात गेली, म्हणून अनुभवाच्या आधारे उत्तर देते. तुम्ही ऐकलेले शाळेपुरते बरेचसे खरे आहे. शाळेनंतरचे, विशेषतः व्हिसावर आलेल्या कुटुंबासाठी, खरे नाही, आणि हा फरक विमानात बसण्यापूर्वी समजून घेतलेला बरा.

आधी जे चांगले आहे ते सांगते. १९७५ साली इथे अपंग मुलांच्या शिक्षणाचा जो केंद्रीय कायदा झाला, त्याला आता सगळे आयडिया या नावाने ओळखतात. त्यानुसार ३ ते २१ वर्षांपर्यंतच्या पात्र मुलाला त्याच्या गरजेप्रमाणे विनामूल्य शिक्षण देणे सरकारी शाळेला बंधनकारक आहे. हा हक्क व्हिसाच्या प्रकारावर अवलंबून नाही. टेक्ससमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली दिलेल्या निकालामुळे कोणत्याही मुलाला इमिग्रेशनच्या कारणावरून सरकारी शाळेचे दार बंद करता येत नाही. मात्र वयाची वरची मर्यादा राज्यागणिक बदलते. न्यू जर्सीत मूल ज्या शैक्षणिक वर्षात २१ वर्षांचे होते त्या वर्षाच्या शेवटापर्यंत, मॅसॅच्युसेट्समध्ये बाविसाव्या वाढदिवसापर्यंत, तर मिशिगनमध्ये २६ वर्षांपर्यंत ही सोय मिळते. यजमानांच्या कंपनीची इतर राज्यांतही कार्यालये असतील, तर घर कुठे करायचे हे ठरवताना पगार आणि हवामान यांच्या बरोबरीने हा मुद्दाही विचारात घ्या.

इथे आल्यावर मुलाला आपोआप काहीही मिळत नाही. आपले दिव्यांगत्वाचे प्रमाणपत्र किंवा यूडीआयडी कार्ड, म्हणजे भारत सरकारचे दिव्यांग ओळखपत्र, इथे चालत नाही. शाळा स्वतःचे मूल्यमापन करते आणि मगच आयईपी, म्हणजे त्या एका मुलासाठीचा लेखी शैक्षणिक आराखडा, तयार होतो. या मूल्यमापनाची मागणी तोंडी करू नका. शाळेत नाव घालण्याच्या दिवशीच तारीख घातलेले पत्र द्या आणि त्याची प्रत जवळ ठेवा, कारण मुदती तारखांवरून मोजल्या जातात. पालकांच्या लेखी संमतीनंतर केंद्रीय नियमाने ६० दिवसांत, किंवा राज्याने स्वतःची मुदत ठरवलेली असेल तर तितक्या अवधीत, मूल्यमापन पूर्ण व्हावे लागते. ते शक्य तोवर मुलाच्या भाषेत झाले पाहिजे असेही कायदा सांगतो, आणि मराठीत वाढलेल्या मुलासाठी ही बाब फार मोलाची आहे. नाहीतर इंग्रजी न समजणे हे न समजणेच धरले जाते. तिकडच्या मानसोपचारतज्ज्ञांचे, स्पीच आणि ऑक्युपेशनल थेरपीचे सर्व अहवाल इंग्रजीत करून घ्या. त्याच्या शिक्षिकेकडून तो काय काय स्वतः करतो याचे दोन पानी टिपण मिळाले, तर तेही आणा. माझ्या मुलीच्या बाबतीत त्या टिपणाचा उपयोग चाचणीतल्या आकड्यांपेक्षा जास्त झाला.

तुमच्या प्रश्नाचा गाभा ज्याला इथे ट्रान्झिशन म्हणतात त्यात आहे. हायस्कूलनंतर मूल काय शिकेल, कोणते काम करेल आणि घरात व गावात कितपत स्वतंत्रपणे वावरेल, या तिन्हींची आखणी आयईपीमध्ये लेखी असावी लागते. केंद्रीय कायद्यात तिची सुरुवात उशिरात उशिरा १६व्या वर्षी आहे. न्यू जर्सीत १४व्या वर्षापासूनच. म्हणजे तुमच्या मुलाचे वय आजच त्या टप्प्यात आहे, आणि "आधी त्याला रुळू द्या, पुढच्या वर्षी बघू" असे कोणी सुचवले तर ते मान्य करू नका. या बैठकीला मुलालाही बोलवावे लागते. आमच्याकडून पहिली चूक तिथेच झाली. टेबलाभोवती आठ जण बसले होते आणि ट्रान्झिशनच्या शिक्षिकेने माझ्या मुलीला विचारले, "तुला काय करायला आवडते?" तिने पेन्सिलींच्या पाऊचची चेन एकदा उघडली, एकदा लावली, आणि तेवढ्यात मीच सांगून टाकले की तिला लहान मुले आवडतात. शिक्षिकेने माझे बोलणे वहीत लिहिले नाही. ती मुलीकडे बघत थांबली, आणि जवळजवळ मिनिटभराने मुलगी म्हणाली, "कपड्यांच्या घड्या." त्या उत्तरातूनच पुढे एका रुग्णालयाच्या लाँड्रीत तिचा शाळेमार्फत कामाचा अनुभव सुरू झाला.

तिथे टॉवेलच्या तीन पदरी घड्या ती दुसऱ्या दिवशीच उत्तम घालू लागली. अडचण वेगळीच निघाली. ढीग संपला की ती हात मांडीवर ठेवून बसून राहायची, कारण घरी आणि वर्गात पुढचे काम नेहमी कोणीतरी आणून द्यायचे. "मला आणखी टॉवेल हवेत" हे वाक्य अनोळखी माणसाकडे जाऊन आपणहून म्हणायला तिला दोन महिने लागले, आणि जॉब कोचने, म्हणजे कामाच्या जागी शिकवणाऱ्या प्रशिक्षकाने, त्या दोन महिन्यांत एकदाही तिच्यासाठी टॉवेल आणले नाहीत. मला ते त्या वेळी कठोर वाटले होते. आता वाटते की हायस्कूलच्या सगळ्या वर्षांत तिला मिळालेले सर्वांत उपयोगी शिक्षण हेच होते. तुमच्या मुलाच्या आराखड्यात गणित आणि वाचन असेलच. त्याबरोबर मदत मागणे, नको असेल तर नको म्हणणे, बसने जाणे, औषध वेळेवर घेणे, पैसे देऊन पावती घेणे, या गोष्टी मोजता येतील अशा उद्दिष्टांच्या रूपात लिहून घ्या. "स्वावलंबन वाढवणे" असे मोघम वाक्य लिहिले असेल, तर त्यावर सही करण्याआधी ते कसे मोजणार हे विचारा.

आता डिप्लोमाविषयी. नियमित हायस्कूल डिप्लोमा हातात पडला की शाळेचे कायदेशीर कर्तव्य त्याच दिवशी संपते, मग मूल १८ वर्षांचे का असेना. आमच्या शाळेतील समुपदेशकांनी मोठ्या आपुलकीने सुचवले होते की डिप्लोमासाठी लागणारे तिचे क्रेडिट, म्हणजे विषयांचे गुणांक, पूर्ण होत आहेत, वर्गाबरोबर जूनमध्ये डिप्लोमा देऊन टाकू. आम्हालाही अभिमान वाटला, आणि आम्ही सही करणारच होतो. याचा अर्थ पुढची तीन वर्षे गमावणे असा आहे, हे आम्हाला शाळेतून कोणी सांगितले नाही. दुसऱ्या एका आईने सांगितले. समारंभात वर्गमित्रांबरोबर सहभागी व्हायचे आणि प्रत्यक्ष डिप्लोमा नंतर घ्यायचा, अशी सोय अनेक ठिकाणी असते. ती विचारून घ्या. १८ ते २१ या वर्षांत मुले बहुधा शाळेच्या इमारतीबाहेर, दुकानांत, कार्यालयांत, रुग्णालयांत शिकतात. सिनसिनाटीच्या बालरुग्णालयात १९९६ साली सुरू झालेला प्रोजेक्ट सर्च हा उपक्रम याच पद्धतीचा असून शेवटच्या शालेय वर्षात विद्यार्थी रोज प्रत्यक्ष कामाच्या जागी जातात. आता तो अनेक राज्यांत चालतो.

यापुढचे वाचायला जड जाईल, तरी लिहिते. तुमच्या मुलासाठी २१वे वर्ष दोन अर्थांनी सीमारेषा आहे. शाळा त्या सुमारास संपेल, आणि तुमच्यावर अवलंबून असल्याने मिळणारा त्याचा एच-फोर व्हिसाही २१व्या वाढदिवसाला संपेल. मूल कायम आईवडिलांवर अवलंबून राहणार आहे म्हणून या नियमात सवलत मिळत नाही. आमचे ग्रीन कार्ड मुलगी २१ वर्षांची होण्याआधी आले, म्हणून आम्ही वाचलो. पण भारतात जन्मलेल्यांसाठी नोकरीवर आधारित ग्रीन कार्डाच्या नेहमीच्या वर्गांतील रांग दहा वर्षांहून लांब आहे, आणि तुमच्या हातात सहाच वर्षे आहेत. एच-वन-बीची सर्वसाधारण मर्यादाही सहाच वर्षांची असते. म्हणून यजमानांनी नोकरीचा करार करतानाच कंपनी ग्रीन कार्डची प्रक्रिया कोणत्या वर्गात आणि केव्हा सुरू करणार, हे लेखी मागावे, आणि मुलाचे वय व स्थिती सांगून इमिग्रेशनच्या स्वतंत्र वकिलाचा सल्ला घ्यावा. कंपनीचा वकील कंपनीसाठी काम करतो.

"सरकार सांभाळते" या समजुतीचे मूळ एसएसआय (कमी उत्पन्नाच्या अपंग व वृद्धांना दरमहा रक्कम देणारी योजना) आणि मेडिकेड (कमी उत्पन्नवाल्यांसाठीची सरकारी आरोग्य योजना) या दोन योजनांत आहे. १८ वर्षांनंतर एसएसआयसाठी आईवडिलांचे उत्पन्न मोजले जात नाही, ही गोष्ट खरी आहे, आणि त्यामुळे इथल्या अनेक मुलांना दरमहा रक्कम मिळू लागते. मुलाच्या नावावर मात्र २,००० डॉलरपेक्षा जास्त मालमत्ता चालत नाही. परंतु एच-फोरवरील मुलाला एसएसआय मिळत नाही, आणि प्रौढांच्या मेडिकेडसाठीही तो सहसा पात्र ठरत नाही. ग्रीन कार्डानंतरही साधारणतः ५ वर्षे थांबावे लागते आणि एसएसआयसाठी ४० तिमाहींच्या कामाची नोंद लागते, जी वर्षाला चारच जमतात. त्यात मूल १८ वर्षांचे होण्यापूर्वीचे आईवडिलांचे काम धरता येते. दिवसभराचे कार्यक्रम, निवासाची सोय, घरी येणारा मदतनीस हे सगळे प्रौढांसाठी बहुतांशी मेडिकेडमधून चालते, आणि त्याला शाळेसारखा हक्क नसतो. पात्रता सिद्ध करावी लागते, आणि पुष्कळ राज्यांत पात्र ठरूनही वर्षानुवर्षे प्रतीक्षायादीत राहावे लागते. मुलीच्या वर्गातील एका मुलाची शाळा जूनमध्ये संपली आणि जुलैपासून त्याच्या आईला नोकरी सोडून घरी बसावे लागले, हे मी जवळून पाहिले आहे.

नोकरीसाठी मदत करणारे राज्याचे व्यावसायिक पुनर्वसन खाते असते. २०१४ च्या कायद्याने त्याला केंद्रीय निधीतील किमान १५ टक्के रक्कम अपंग विद्यार्थ्यांच्या नोकरीपूर्व तयारीसाठी राखून ठेवावी लागते, म्हणून शाळेत असतानाच त्या खात्याच्या प्रतिनिधीला बैठकीला बोलवा. कामाची परवानगी नसलेल्या मुलाला ते खाते नोकरी मिळवून देऊ शकत नाही. मात्र शाळेच्या अभ्यासक्रमातील बिनपगारी अनुभवाचे काय, हे इमिग्रेशनच्या वकिलाला त्याच भेटीत विचारा. कॉलेजचा विचार असेल तर एवढे ध्यानात ठेवा की तिथे आयईपी चालत नाही, सवलती विद्यार्थ्याने स्वतः मागाव्या लागतात आणि पालकांशी कॉलेज सहसा बोलत नाही.

अठराव्या वाढदिवसाला आणखी एक बदल होतो: आयईपीवरील सहीचा अधिकार आईवडिलांकडून मुलाकडे जातो. न्यायालयातून पालकत्व घेणे हा एकच मार्ग आहे असे तुम्हाला सांगितले जाईल. तसे नाही. मुलाचा निर्णय त्याचाच ठेवून विश्वासातील माणसांनी त्याला समजून घ्यायला मदत करावी, या पद्धतीला टेक्ससने २०१५ साली सर्वप्रथम कायद्याचे रूप दिले, आणि नंतर इतर राज्यांनीही. आम्ही मुलीसाठी वैद्यकीय आणि आर्थिक बाबींपुरतीच अधिकारपत्रे केली, कारण काय घालायचे, कुठे काम करायचे, कोणाशी मैत्री करायची हे तिला चांगले कळते.

परतीची वाटही मोकळी ठेवा. यूडीआयडी कार्ड निघण्यापूर्वी अद्ययावत करून घ्या आणि मुक्त विद्यालयातून परीक्षा देण्याची शक्यता सोडू नका. परतावे लागले तर १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्याखाली १८ वर्षांनंतर कायदेशीर पालकाची नेमणूक जिल्ह्याच्या स्थानिक समितीमार्फत होते, त्याची माहिती आताच काढा. हे सगळे वाचून येऊच नका असे मी म्हणते आहे, असा अर्थ घेऊ नका. सहा वर्षांचे चांगले शिक्षण मुलाबरोबर कुठेही जाते, मग तो इथे राहो की तिथे.

इथे आलात की प्रत्येक राज्यात असलेल्या पालक प्रशिक्षण केंद्राला पहिल्याच आठवड्यात फोन करा. त्यांची मदत विनामूल्य असते आणि बैठकीत दुभाषा मागण्याचा तुमचा हक्कही ते समजावून सांगतात. तोवर मुलाबरोबर बसून एक पान तयार करा: त्याला आवडणाऱ्या तीन गोष्टी, नकोशा वाटणाऱ्या दोन, आणि मदत हवी असली की तो काय करतो, हे त्याने निवडलेल्या फोटोंसह. पहिल्या बैठकीत ते त्याने स्वतः टेबलावर ठेवावे. आमच्या मुलीचे पान अजून माझ्याकडे आहे, तिला विचारून त्याचा फोटो तुम्हाला पाठवते.