नऊ वर्षं सेट लावले, आता डायरेक्शन करू का?

"ताई, मी मूळची इचलकरंजीची, वय ३३. नऊ वर्षं गोरेगावला टीव्हीच्या सेटवर आर्ट डिपार्टमेंटला असिस्टंट आहे. वीस मिनिटांच्या शॉर्टफिल्मची स्क्रिप्ट तयार आहे, मलाच डायरेक्ट करायचीय. आमचे सर म्हणाले, भिंती रंगवणाऱ्यांनी त्या भानगडीत पडू नये. घरचे म्हणतात, चालू काम सोडू नकोस. काय करू? – एक सेटवाली"

अगं, सरांचं वाक्य तुला फार लागलेलं दिसतंय, म्हणून आधी तेच घेते. इचलकरंजीपासून कोल्हापूर ते किती लांब, आणि तिथले बाबूराव पेंटर आधी नाटकांचे पडदेच रंगवायचे ना, त्यांनीच १९२० मध्ये 'सैरंध्री' हा सिनेमा केला, शूटिंगच्या आधी कपड्यांची, पात्रांच्या हालचालींची स्केचेस स्वतः काढायचे. त्यांच्याच फिल्म कंपनीत तयार झालेले फत्तेलाल पुढे प्रभात फिल्म कंपनीचे कलादिग्दर्शक, आणि त्यांनीच विष्णुपंत दामल्यांच्या जोडीने १९३६ ला 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला, जो व्हेनिसच्या महोत्सवात नावाजला गेला. मराठी सिनेमाची सुरुवातच रंगाने माखलेल्या हातांनी झालीय, त्यामुळे भानगड वगैरे काही नाही.

तुझ्या मूळ लांबलचक पत्रात ते स्विचबोर्डचं लिहिलंयस, की एजिंग करताना, म्हणजे नवा सेट जुना, वापरातला दिसावा म्हणून रंगवताना, बोटांचे काळे डाग तू मुद्दाम खालच्या बाजूला दिले कारण त्या घरात सहा वर्षांचं पोर आहे आणि ते टाचा उंचावून बटण दाबणार. कुणी सांगितलं नव्हतं तुला. हे डायरेक्शनच आहे गं, दुसरं काय!

पण एक गोष्ट मला खटकली आणि ती सांगायलाच हवी. गोष्टीबद्दल दोन पानं लिहिलीस, त्यात खिडकी आहे, ओल आलेली भिंत आहे, आजीची पत्र्याची पेटी आहे, आणि आजी मात्र नाही. ती कशी बोलते, कुणावर चिडलीय, काहीच नाही. तुझी खरी तयारी इथे कमी आहे. म्हणून शूटिंगच्या आधी दोन नट घे, एकांकिका करणारी मुलं आनंदाने येतील, आणि रिकाम्या खोलीत, एकही प्रॉपर्टी, म्हणजे सीनमधली वस्तू, न ठेवता सीन करून बघ, हातात काही नसताना नटाला काय सांगायचं हे तुला तिथेच कळेल. शक्य असेल तर एखाद्या नाटकाच्या तालमींना महिनाभर नुसती जाऊन बस.

काम सोडू नकोस, घरचे बरोबर बोलतायत. टीव्हीचे पैसे महिनोन् महिने उशिरा येतात हे मी तुला काय सांगणार, म्हणून आधीचं सगळं येणं हातात येऊ दे आणि मगच तारखा ठरव, दोन-तीन दिवसांत उरकेल असंच शूटिंग ठेव. कारपेंटर, पेंटर, सेट उभारणारे सेटिंग दादा तुझ्या शब्दाखातर येतील, पण त्यांना फुकट राबवू नको, थोडे का होईना पैसे दे. आणि सेट दुसऱ्याला लावू दे, नाहीतर तू दिवसभर पडदे सरळ करत बसशील आणि नट ताटकळत उभे.

सरांना स्वतः जाऊन सांग, शूटिंगच्या आधी, बाहेरून कळण्याआधी. परवानगी मागू नको, फक्त तारखा सांग आणि त्या दिवसांत तुझं काम कोण बघणार तेही ठरवूनच जा.