नेमणूक जिल्हाधिकाऱ्यांची, बडतर्फी प्रांतांची: चालते का?

तुमची लिपिकपदावर नेमणूक जिल्हाधिकाऱ्यांनी केली आणि बडतर्फीच्या आदेशावर 'अधिकार प्रदान केले आहेत' असं म्हणून प्रांतांची, म्हणजे त्यांच्या हाताखालच्या उपविभागीय अधिकाऱ्यांची सही आहे. नाही, हे चालत नाही. संविधानाच्या अनुच्छेद 311(1) नुसार नेमणूक करणाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाचा अधिकारी बडतर्फ करू शकत नाही किंवा सेवेतून काढूनही टाकू शकत नाही. हे संरक्षण संविधानानं दिलंय, ते कुठल्या परिपत्रकानं काढून घेता येत नाही.

मात्र सगळंच वरिष्ठांनी करायला हवं असं नाही, इथे बऱ्याच जणांची गफलत होते. ठपका ठेवणं, वेतनवाढ रोखणं अशा किरकोळ शिक्षांचे अधिकार नियमांनुसार खाली देता येतात. चौकशीही दुसऱ्या अधिकाऱ्याकडे सोपवता येते. प्रद्योत कुमार बोस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं ते मान्य केलं. पण अहवाल वाचून निर्णय सक्षम अधिकाऱ्यानंच घ्यायचा.

बी. व्ही. गोपीनाथ प्रकरण (2013) जरूर वाचा. तिथे सक्षम अधिकारी अर्थमंत्री होते. कारवाई सुरू करायला त्यांची मंजुरी होती, दोषारोपपत्राचा मसुदा मात्र त्यांच्यापुढे ठेवलाच नव्हता. तेवढ्यावरून दोषारोपपत्र रद्द झालं.

म्हणून आधी नेमणुकीचा मूळ आदेश काढा, सही कुणाची ते बघा. मग माहिती अधिकारात नस्तीवरच्या (फाईलवरच्या) टिपण्या मागा. निर्णयाखाली जिल्हाधिकाऱ्यांची सही आणि तारीख नसेल, तर अपिलात हाच मुद्दा सर्वात वर घ्या.