वाचकांचे प्रश्न : प्रोग्रॅमच्या पोटातला ब्राउझर

प्रश्न : हिशेबाचा एक प्रोग्रॅम मी कामासाठी वापरतो. अलीकडे तो उघडताच 'लिबसीईएफ.डीएलएल ही फाइल सापडत नाही' अशी सूचना येते आणि प्रोग्रॅम बंद होतो. एवढी एकच फाइल विनामूल्य देणारी बरीच संकेतस्थळे दिसली. त्यांतील एकावरून ती उतरवून मी सिस्टिम३२ या फोल्डरमध्ये ठेवली आणि रेगएसव्हीआर३२ ही आज्ञाही चालवून पाहिली. तरी दोष कायम आहे. पुढे काय करावे?

उत्तर : सर्वप्रथम सिस्टिम३२ मध्ये ठेवलेली ती फाइल काढून टाकावी आणि संगणकाची अँटिव्हायरसकडून पूर्ण तपासणी करून घ्यावी. त्यानंतर हिशेबाचा प्रोग्रॅम त्याच्या निर्मात्याच्या अधिकृत प्रतीवरून पुन्हा इन्स्टॉल करावा. बहुतेक वेळा एवढ्याने काम भागते. हा उपाय का चालतो आणि आपण केलेला का चालला नाही, हे मात्र थोडे सविस्तर सांगितले पाहिजे, कारण हा प्रश्न वेगवेगळ्या रूपांत पुनःपुन्हा विचारला जातो.

डीएलएल म्हणजे प्रोग्रॅमला लागणारा तयार कोड ठेवणारी लायब्ररी-फाइल. लिबसीईएफ.डीएलएल हा विंडोजचा भाग नाही. क्रोमियम हे क्रोम ब्राउझरमागचे मुक्तस्रोत इंजिन इतर प्रोग्रॅमांच्या आत बसवता यावे, यासाठी मार्शल ग्रीनब्लॅट यांनी २००८ मध्ये 'क्रोमियम एम्बेडेड फ्रेमवर्क' हा प्रकल्प सुरू केला. त्याच्या आद्याक्षरांवरून 'सीईएफ' हे नाव आले. एखाद्या प्रोग्रॅमला लॉगिनचे पान, मदतीची पाने, दुकान किंवा सगळाच दर्शनी भाग वेबपानाच्या रूपात दाखवायचा असेल, तर तो हे इंजिन सोबत घेऊन येतो. स्पॉटिफायचा डेस्कटॉपवरील प्रोग्रॅम आणि गेम विकणारे स्टीम ही याची ठळक उदाहरणे आहेत. पान मांडणे, जावास्क्रिप्ट चालवणे, चित्रे उलगडणे, देवनागरीतील जोडाक्षरे जुळवणे ही सगळी कामे या एका फाइलमध्ये असल्यामुळेच तिचा आकार शंभर मेगाबाइटच्या पुढे जातो आणि अलीकडच्या आवृत्त्यांत तर दोनशेच्या आसपास पोहोचतो.

ही फाइल एकटी कधीच नसते. तिच्या शेजारी आयसीयूडीटीएल.डॅट ही लिपी, तारखा आणि ओळी तोडण्याचे नियम यांची माहिती असलेली फाइल लागते. पानांचे साहित्य ठेवणाऱ्या 'पॅक' फाइली लागतात. जावास्क्रिप्टचे इंजिन चटकन सुरू व्हावे म्हणून तयार करून ठेवलेली स्नॅपशॉट फाइल लागते. ग्राफिक्ससाठी लिबईजीएल आणि लिबजीएलईएसव्ही२ या आणखी दोन लायब्रऱ्या लागतात. हा सगळा संच एकाच आवृत्तीचा असावा लागतो. शिवाय प्रोग्रॅमची मुख्य फाइलही लायब्ररीच्या विशिष्ट आवृत्तीला धरून बांधलेली असते. त्यामुळे कोठून तरी आणलेली लिबसीईएफ.डीएलएल नावाने तीच असली, तरी प्रोग्रॅमच्या दृष्टीने ती परकीच ठरते. त्यात प्रोग्रॅम ३२ बिटचा आणि फाइल ६४ बिटची असेल, तर 'प्रोग्रॅम योग्य रीतीने सुरू होऊ शकला नाही' एवढाच त्रोटक मजकूर दिसतो आणि खरे कारण कळतही नाही.

रेगएसव्हीआर३२ ही आज्ञा 'कॉम' या, प्रोग्रॅमांचे सुटे भाग एकमेकांना जोडण्याच्या मायक्रोसॉफ्टच्या पद्धतीने लिहिलेल्या आणि स्वतःची नोंद करून घेण्याची सोय असलेल्या लायब्रऱ्यांपुरतीच आहे. लिबसीईएफ.डीएलएलमध्ये तशी सोय नाही, म्हणून 'नोंदणीचे प्रवेशद्वार सापडले नाही' अशा अर्थाची चूक येते. फाइल निर्दोष असली तरीही ती येणारच. 'प्रत्येक डीएलएलची नोंदणी करा' हा सल्ला तरीही इतका का पसरला आहे, याचे मला नेहमी आश्चर्य वाटते.

फाइल नाहीशी होण्याची कारणे बहुधा दोनच असतात. एक तर अद्ययावतीकरण मध्येच तुटलेले असते, नाहीतर अँटिव्हायरसने ती संशयित म्हणून अलग ठेवलेली असते. हा संशय दर वेळी अनाठायी असतो असे नाही. विंडोज सामान्यतः डीएलएल शोधताना आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये पाहते. याचाच फायदा घेऊन हल्लेखोर एखाद्या प्रामाणिक प्रोग्रॅमशेजारी त्याच नावाची बनावट डीएलएल ठेवतात आणि प्रोग्रॅम ती मुकाट्याने उघडतो. लिबसीईएफ.डीएलएल या नावाचाही असा गैरवापर झालेला आहे. म्हणून अलग ठेवलेली फाइल परत आणण्यापेक्षा संपूर्ण संच अधिकृत ठिकाणाहून पुन्हा बसवणे अधिक सुरक्षित असते. बसवल्यानंतर फाइलच्या गुणधर्मांत डिजिटल स्वाक्षरी आहे का, हेही पाहावे. मात्र काही निर्माते या फाइलवर स्वाक्षरी करत नाहीत. त्यामुळे स्वाक्षरी नसणे एवढ्यावरून ती बनावट ठरत नाही. स्वाक्षरी असून ती अवैध दाखवली जात असेल, तर मात्र ती फाइल ठेवू नये.

प्रश्न : संगणकावरील जागा मोकळी करताना मला हीच फाइल तीन-चार प्रोग्रॅमांच्या फोल्डरांत आढळली. डीएलएल म्हणजे सामायिक लायब्ररी असे आम्ही शिकलो. मग एक प्रत ठेवून बाकीच्या पुसल्या तर काय बिघडेल?

उत्तर : ज्यांच्या प्रती पुसाल ते प्रोग्रॅम बंद पडतील. सगळ्यांना एकाच प्रतीकडे वळवण्याची युक्ती केली, तरी आवृत्त्यांचा मेळ बसणार नाही.

सामायिकपणाबद्दलची आपली शंका मात्र रास्त आहे, आणि विंडोजमध्ये एके काळी नेमके आपण म्हणता तसेच होते. इंटरनेट एक्सप्लोररचे इंजिन एमएसएचटीएमएल.डीएलएल या फाइलमध्ये होते आणि कोणताही प्रोग्रॅम ते 'वेबब्राउझर कंट्रोल'मार्फत वापरू शकत असे. जागा वाचत होती, प्रोग्रॅम लहान राहत होते आणि सुरक्षेची दुरुस्ती विंडोजबरोबर सगळ्यांना एकदम मिळत होती. अडचण दुसऱ्याच ठिकाणी होती. इंजिन बदलले की त्यावर विसंबलेले जुने प्रोग्रॅम मोडत; म्हणून मायक्रोसॉफ्टने असे ठरवले की प्रोग्रॅमने रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्जच्या नोंदवहीत, वेगळी नोंद केल्याखेरीज त्याच्या आतले इंजिन इंटरनेट एक्सप्लोरर ७ सारखेच वागेल. परिणामी संगणकावर आवृत्ती ११ असतानाही अनेक प्रोग्रॅमांमधील पाने सातव्या आवृत्तीच्या काळातच अडकून राहिली. विंडोज १० च्या नेहमीच्या आवृत्त्यांवरील इंटरनेट एक्सप्लोरर ११ ला १५ जून २०२२ रोजी निरोप देण्यात आला, तरी जुन्या प्रोग्रॅमांच्या सोयीसाठी एमएसएचटीएमएल.डीएलएल विंडोजमध्ये अजून आहे.

या जाचाला कंटाळलेल्या निर्मात्यांना स्वतःची प्रत सोबत नेणे सोयीचे वाटले. पान आपण तपासले तसेच ग्राहकाकडे दिसेल, ही खात्री त्यांना दोनशे मेगाबाइटपेक्षा मोलाची वाटली. २०१३ मध्ये ॲटम या कोड लिहिण्याच्या प्रोग्रॅमसाठी जन्मलेल्या आणि पुढे इलेक्ट्रॉन म्हणून ओळखल्या गेलेल्या साधनाने तर क्रोमियम थेट मुख्य ईएक्सई फाइलमध्येच सामावून घेतले. त्यामुळे इलेक्ट्रॉनच्या प्रोग्रॅमांत आपल्याला लिबसीईएफ.डीएलएल दिसणार नाही. पण ध्वनी-चित्रफिती उलगडणारी एफएफएमपेग.डीएलएल वेगळी दिसेल, आणि ती हरवल्याच्या तक्रारीही तितक्याच ऐकू येतात. वरच्या उत्तरातील उपाय तिलाही लागू आहे.

सामायिक इंजिनाकडे परतण्याचा अलीकडचा मार्ग म्हणजे वेबव्ह्यू२. यात मायक्रोसॉफ्टच्या एज ब्राउझरचे क्रोमियमवर आधारलेले इंजिन संगणकावर एकदाच बसते आणि स्वतःहून अद्ययावत होत राहते. विंडोज ११ मध्ये ते आधीपासूनच असते. प्रोग्रॅमसोबत फार तर वेबव्ह्यू२लोडर.डीएलएल ही लहानशी फाइल येते आणि तिचे काम सामायिक इंजिन शोधून देणे एवढेच असते. ज्यांना इंजिनाची आवृत्ती आपोआप बदललेली चालत नाही, त्यांच्यासाठी 'स्थिर आवृत्ती' सोबत नेण्याची मुभा आहे. पण मग आकाराचा भार पुन्हा आलाच. इंटरनेटपासून तोडलेल्या किंवा एकेक बदल तपासून घ्यावा लागणाऱ्या यंत्रांवर ही स्थिर आवृत्ती योग्य ठरते. कार्यालयीन कामाच्या सामान्य प्रोग्रॅमांना मात्र सामायिक इंजिनच वापरावे असे माझे मत आहे, आणि त्याचे मुख्य कारण जागेची बचत हे नाही. ते पुढच्या प्रश्नात येते.

प्रश्न : माझा ब्राउझर आपोआप अद्ययावत होतो. प्रोग्रॅमांच्या आत बसलेले ब्राउझरही त्यासोबत होतात का? नसल्यास धोका किती?

उत्तर : नाही, होत नाहीत. लिबसीईएफ.डीएलएल किंवा इलेक्ट्रॉन वापरणाऱ्या प्रोग्रॅममधील इंजिन हे त्या प्रोग्रॅमची नवी आवृत्ती निघेल तेव्हाच बदलते. क्रोमची नवी मुख्य आवृत्ती २०२१ पासून साधारण दर चार आठवड्यांनी येऊ लागली आणि मधल्या काळात सुरक्षेच्या दुरुस्त्याही येत राहिल्या. प्रोग्रॅमचा निर्माता वर्षातून एकदाच नवी आवृत्ती काढत असेल, तर त्याच्या पोटातले इंजिन त्या काळात जगजाहीर झालेल्या सर्व त्रुटींसह चालत राहते.

सप्टेंबर २०२३ मध्ये याचा चांगलाच प्रत्यय आला. वेबपी या प्रकारची चित्रे उलगडणाऱ्या लिबवेबपी या लायब्ररीत गंभीर त्रुटी सापडली. खास तयार केलेले एक चित्र दाखवले गेले तरी हल्ला शक्य होता आणि तसे हल्ले प्रत्यक्षात होतही होते. क्रोमची दुरुस्ती तातडीने आली. परंतु ही लायब्ररी क्रोमियमच्या आत असल्यामुळे इलेक्ट्रॉन आणि सीईएफवर बांधलेल्या असंख्य प्रोग्रॅमांतही ती होती, आणि त्यांतील प्रत्येकाला स्वतंत्रपणे नवी आवृत्ती काढावी लागली. ज्यांचे निर्माते हलले नाहीत, त्यांच्या वापरकर्त्यांना आपण उघड्यावर आहोत हे कळण्याचा साधा मार्गही नव्हता. वेबव्ह्यू२ च्या सामायिक इंजिनावर चालणाऱ्या प्रोग्रॅमांना मात्र ते इंजिन अद्ययावत होताच संरक्षण मिळाले. सामायिक लायब्ररी म्हणजे आपोआप सुरक्षितता, असा याचा अर्थ नाही. सप्टेंबर २०२१ मध्ये उघड झालेल्या एमएसएचटीएमएलमधील त्रुटीचा वापर ऑफिसच्या दस्तऐवजांमार्फत हल्ल्यासाठी झाला होता. एका फाइलमधील दोष तेव्हा सर्वत्र पोहोचला, पण एकाच दुरुस्तीने तो सर्वत्र बुजवताही आला.

धोका किती हे त्या खिडकीत काय उघडते यावर ठरते. आत केवळ प्रोग्रॅमची स्वतःची, संगणकावरच साठवलेली पाने दिसत असतील तर भीती कमी आहे. बाहेरची संकेतस्थळे, जाहिराती, अनोळखी व्यक्तींनी पाठवलेला मजकूर किंवा चित्रे तेथे येत असतील, तर जुने इंजिन चालवू नये. त्यातही एक बारीक गोष्ट आहे. क्रोममध्ये पान मांडणारी प्रक्रिया 'सँडबॉक्स'च्या, म्हणजे तिला संगणकाच्या बाकी भागाला हात लावू न देणाऱ्या, कुंपणात चालते, परंतु सीईएफ वापरताना हे कुंपण घालायचे की नाही हे निर्मात्याच्या हाती असते आणि काही प्रोग्रॅम ते बंद ठेवतात. अशा ठिकाणी जुने इंजिन दुहेरी धोक्याचे असते.

तपासणी घरबसल्या करता येते. लिबसीईएफ.डीएलएलच्या गुणधर्मांत तपशिलाच्या भागात आवृत्तीचा लांबलचक क्रमांक असतो. त्यात 'क्रोमियम' या शब्दानंतरचा आकडा पाहावा आणि आपल्या क्रोमच्या आकड्याशी ताडून पाहावा. दोन-तीन आकड्यांचा फरक समजण्यासारखा आहे. वीस-तीसचा असेल तर निर्मात्याला पत्र लिहिण्याइतके कारण आपल्याकडे आहे. आकडा १०९ दिसला, तर बहुधा निर्मात्याने विंडोज ७ आणि ८.१ च्या वापरकर्त्यांसाठी मुद्दाम मागे राहायचे ठरवले असावे, कारण त्या प्रणालींवर चालणारी ती शेवटची आवृत्ती आहे. लिबसीईएफ.डीएलएल स्वतः बदलून नवी टाकण्याचा मोह मात्र टाळावा.

प्रश्न : एकच खिडकी उघडलेली असताना टास्क मॅनेजरमध्ये एकाच प्रोग्रॅमच्या सहा-सात प्रक्रिया दिसतात. हा व्हायरस आहे का?

उत्तर : नाही. क्रोमियमची रचनाच अशी आहे की मुख्य प्रक्रिया, पान मांडणारी, ग्राफिक्सची आणि नेटवर्कसारख्या सेवांची प्रक्रिया वेगवेगळ्या चालतात, म्हणजे एक कोसळली तरी सगळे कोसळत नाही. वेबव्ह्यू२ असल्यास त्या एमएसएजवेबव्ह्यू२ या नावाने दिसतात. डीएलएलचा बराचसा भाग या प्रक्रिया स्मृतीत वाटून घेतात. त्यामुळे त्यांच्या आकड्यांची ढोबळ बेरीज प्रत्यक्ष वापरापेक्षा जास्त भरू शकते.

प्रश्न : उबुंटू २४.०४ वर आल्यापासून एक प्रोग्रॅम 'लिबवेबकिट२जीटीके-४.०' नसल्याची तक्रार करतो. माझ्याकडे ४.१ आहे. तिच्याकडे नेणारी सिम्बॉलिक लिंक जुन्या नावाने केली तर चालेल का?

उत्तर : चालणार नाही. लिबवेबकिट२जीटीके हे उबुंटूसारख्या लिनक्स प्रणालींवर प्रोग्रॅमांच्या आत बसणारे वेब-इंजिन आहे; येथील ४.० आणि ४.१ हे जुने-नवे अंक नसून जोडणीचे दोन वेगळे प्रकार आहेत. ४.० हा प्रकार नेटवर्कसाठी लिबसूप या लायब्ररीची दुसरी पिढी वापरतो, तर ४.१ तिसरी, आणि या दोन पिढ्या एकाच प्रक्रियेत आल्या तर लिबसूप स्वतःच प्रोग्रॅम थांबवते. जीटीके या खिडक्या-बटणे मांडणाऱ्या साधनसंचाच्या चौथ्या आवृत्तीसाठी ६.० हा आणखी निराळा प्रकार आहे. उबुंटू २४.०४ मधून ४.० काढून टाकण्यात आला आहे. जुन्या उबुंटूच्या भांडारातून ते पॅकेज ओढून आणू नये, कारण त्याला पुढे सुरक्षेच्या दुरुस्त्या मिळत राहतील याची खात्री नसते. प्रोग्रॅमची ४.१ साठी बांधलेली आवृत्ती निघाली आहे का ते पाहावे. टॉरी या साधनाने बनवलेले प्रोग्रॅम त्याच्या दुसऱ्या आवृत्तीपासून ४.१ वरच चालतात. तशी आवृत्ती नसेल आणि फ्लॅटपॅक, म्हणजे लागणाऱ्या लायब्रऱ्यांचा संच सोबत आणणारे पॅकेज, उपलब्ध असेल तर ते वापरावे, पण त्यासोबत येणारा तो संच (रनटाइम) अजून अद्ययावत केला जात आहे ना, याची आधी खात्री करून घ्यावी.