मध्ये कोणता भाव मांडायचा?

प्रश्न : 62 आणि 72 रुपये किलोचे तांदूळ मिसळून 77 रुपयांनी विकले तर 10 टक्के नफा होतो. प्रमाण काढायला गेलो की माझं उत्तर उणे येतं. पुस्तकात 1:4 दिलंय. (स्पर्धा परीक्षेचा विद्यार्थी, सदाशिव पेठ)

उत्तर : अशा गणितात दोन भाव दोन बाजूंना आणि मिश्रणाचा खरेदी भाव मध्ये मांडतात; तुम्ही मध्ये 77 मांडलेत. 62 आणि 72चे तांदूळ कसेही कालवा, मिश्रणाची खरेदी या दोन भावांच्या मधेच पडणार. 77मध्ये दुकानदाराचा नफा शिरलाय, तो आधी बाहेर काढा : 77 × 100 ÷ 110 = 70. (77चे 10 टक्के वजा करून 69.30 धरणारेही बरेच असतात. नफ्याचे टक्के खरेदीवर असतात, विक्रीवर नव्हे.)

आता तिरकी वजाबाकी, म्हणजे एका भावाचा मधल्या भावाशी असलेला फरक हे दुसऱ्याचे भाग. 72 − 70 = 2 भाग स्वस्त, 70 − 62 = 8 भाग महाग; म्हणजे 1:4. हे का जमतं तेही बघा. महाग तांदळाच्या प्रत्येक किलोला 70च्या वर 2 रुपये जातात, स्वस्त तांदळाच्या किलोला 8 वाचतात. चार किलोंचा जादा खर्च एका किलोत फिटतो.

ही युक्ती क्लासवाल्यांनी काढलेली नाही बरं का. भास्कराचार्यांच्या ‘लीलावती’त (1150) 16 आणि 10 वर्णांचं (वर्ण म्हणजे सोन्याच्या शुद्धतेचं माप) सोनं मिसळून 12 वर्णांचं करायचं गणित आहे. उत्तर याच वजाबाकीने येतं : पहिल्याचे 2 भाग, दुसऱ्याचे 4.

प्रश्न : दूधवाला खरेदीच्याच भावाने दूध विकून 25 टक्के नफा मिळवतो. मग दुधात 25 टक्के पाणी ना? (नववीतल्या मुलाची आई, कोथरूड)

उत्तर : नाही, 20 टक्के. चार लिटर दुधात एक लिटर फुकटचं पाणी. चार लिटरवर एक, म्हणून नफा 25 टक्के. पण कॅनमधल्या पाच लिटरांत पाणी एक.

प्रश्न : एका मालावर 8 टक्के, दुसऱ्यावर 18 टक्के, एकूण 14 टक्के नफा. तिरक्या वजाबाकीने 2:3 आलं. हे किलोंचं प्रमाण समजायचं का? (किराणा दुकानदार, भवानी पेठ)

उत्तर : प्रश्न फार चांगला आहे, कारण इथे शिकवणारेही घसरतात. वजाबाकी टक्क्यांची केलीत, आणि टक्के खरेदीच्या रकमेवरचे. तेव्हा 2:3 हे गुंतवलेल्या पैशांचं प्रमाण. दोन्ही मालांचा खरेदी भाव एकच असेल तरच ते वजनालाही लागू होतं.

समजा पहिला माल 40 रुपये किलो, दुसरा 120. मग वजनाचं प्रमाण 2/40 : 3/120, म्हणजे 2:1. अगदी उलटं! पडताळा घ्या : दोन किलोंचे 80, एका किलोचे 120, खरेदी 200. नफा 6.40 + 21.60 = 28 रुपये, म्हणजे 14 टक्के.

प्रश्न : घरी थालीपिठाची भाजणी करून विकते. 10 किलो धान्य-डाळी-धणे मिळून 800 रुपये पडले. 25 टक्के नफा धरून 100 रुपये किलोने दिली, पण हातात काही उरत नाही. (गृहिणी, सिंहगड रस्ता)

उत्तर : उरणार कसं? दळणाचे 100 आणि गॅसचे 50 तुम्ही पत्रात खाली लिहिलेत, हिशेबात मात्र धरले नाहीत. शिवाय भाजताना ओल उडाली, थोडं पीठ गिरणीत राहिलं आणि घरी साडेनऊ किलोच आलं. म्हणजे 950 रुपयांत 9.5 किलो, खरेदीच 100 रुपये किलो. तुम्ही भाजणी चक्क मुद्दलात विकताय. 25 टक्के हवे असतील तर 125 लावा. पिशव्या आणि लेबलांचा खर्च यात नाही. तो आधी 950मध्ये मिळवा आणि मगच भागाकार करा.